आत्याच्या घराचा उतार

पिरियापट्टणच्या पुढच्या खेड्यातलं आमचं घर काकानं पाहुण्यांना भाड्यानं द्यायचं काढलं, तेव्हा मला बरंच वाटलं होतं. आत्या तिथे एकटी असते, तिला बोलायला माणसं होतील. मग काका म्हणाला, जमीन वाकडी आहे, खाटा डुगडुगतात, टाइल्स घालून सपाट करू. तिथे माझं डोकं फिरलं. अजून फिरलेलंच आहे.

वाकडी म्हणे. आमचे लोक रंगारी. भिंती चुनखडीच्या दगडाच्या, वर चुन्याचा गिलावा, आणि दगडी जमिनीला मुद्दाम उतार दिलेला, पुढच्या खोलीपासून मागच्या भिंतीतल्या भोकापर्यंत. कापड धुतलं की रंगाचं पाणी आपलं आपण बाहेर. रंगकाम कधीच बंद पडलं, पण भोकाजवळचा दगड अजून निळा आहे. आत्याचे गुडघे गेलेत, वाकून पुसणं होत नाही. घागर ओतायची, उभ्यानं खराटा फिरवायचा, घर स्वच्छ. सपाट जमिनीवर तिचं एकटीचं निभणार नाही, मग तिला शहरात, काकाच्या चामराजपुरमच्या फ्लॅटमध्ये नेता येईल. काकाला तेच हवं होतं, घर अख्खं मोकळं.

टाइल्सची खोकी पडवीत येऊन पडली. पाठोपाठ बंगळूरचं एक जोडपं आलं. मी नकला करतो म्हणून काकानं मला हुकूम दिला, राजवाड्यातल्या नोकराच्या आवाजात यांना सांग, हे महाराजांचं शिकारीचं घर.

मी आवाज काढला, पण काकाचाच. तोच घसा खाकरणं, तेच पोटावरून हात फिरवणं. "बघा स्वामी, आमच्या पूर्वजांना अक्कल नव्हती, सुम्ने, उगाचच तिरके दगड टाकले. मी बाथरूमसारखं चकाचक करतो. आमच्या अक्काला फ्लॅटात ठेवतो, तिथे टीव्ही आहे."

पाहुणे हसले. काकाचे कान लाल झाले. त्या बाईंनी विचारलं, पण हा उतार कशाला?

आत्या आत गेली. घागर आणली आणि ओतली. पाणी तीन खोल्या ओलांडून, कुठेही न थांबता, भोकातून बाहेर गेलं. दोघं लहान मुलांसारखी त्याच्या मागे धावली, मोबाइल काढून.

काकाचा चेहरा लगेच बदलला. "टाइल्स परत पाठवतो," तो म्हणाला. "अक्का, दर शनिवारी पाहुण्यांसमोर असंच ओतायचं."

उतार वाचला, आणि मला काकाचा गळा धरावासा वाटला. जिला हाकलणार होता, तिचाच आता खेळ लावणार.

आत्यानं खराटा त्याच्यापुढे धरला. "ओतेन की. ओतल्यावर झाडावं लागतं, हो की नाही, अल्वा? दर शनिवारी तू ये."

पाहुण्यांचा मोबाइल चालूच होता, म्हणून त्यानं खराटा घेतला. झाडलं म्हणजे काय, कोपरे तसेच. ते मागून मी झाडले, त्याला शिव्या देत, त्याच्याच आवाजात.