गोल मारणाऱ्याने बॉल घरी न्यायचा

आम्ही कॉलेजचे चौघे वर्षातून एकदा दिंडोशीला संत्याकडे जमतो. किस्से तेच असतात, बायका कंटाळून आत जातात, तरी दर वेळी एखादा नवीन निघतोच. कोणीतरी इतकी वर्षं लपवलेला असतो. माझ्याकडे लपवण्यासारखं काही नाही. मी लेफ्ट बॅक होतो आणि अतिशय वाईट होतो.

*

अंधेरीच्या आमच्या कॉलेजात फुटबॉल टीमकडे धड बॉल एकच. म्हणून नियम होता, जो गोल मारेल त्याने बॉल घरी न्यायचा, धुवायचा, हवा भरायची आणि परत आणायचा. मोठा मान होता तो! आमच्या शेवटच्या सीझनला बॉल सरांच्या कपाटातच राहिला. सहा मॅच झाल्या, गोल एकही नाही; उरली एकच.

*

सर केमिस्ट्रीचे. टीम त्यांच्या गळ्यात पडली होती. एकदा हाफटाइमपर्यंत आम्ही चार गोल खाल्ले. सरांनी सगळ्यांना गोल करून बसवलं, चष्मा पुसला आणि म्हणाले, "मुलांनो, पाणी प्या."

पुढचं ऐकायला आम्ही थांबलो. पुढचं काही नव्हतंच.

*

गोलकीपर पास्कल गोराईचा. खाडी ओलांडून बोटीने यायचा. ओहोटीला बोट चिखलात रुतली की आमचा गोल मोकळा. दोनदा असं झाल्यावर सर कॅलेंडर बघून मॅच ठरवायला लागले. समोरच्या कॉलेजला फोनवर म्हणाले, "दुपारी नको. त्या दिवशी अष्टमी आहे."

"उपास असतो का मुलांना?"

"नाही हो, गोलकीपरला ओहोटी असते."

*

संत्या आमचा कॅप्टन. त्याचे वडील अण्णा गिरणी बंद पडल्यावर एका सोसायटीत वॉचमन झाले होते. पोरगा संध्याकाळी उशिरा घरी येतो, गुडघे फुटलेले, आणि सांगतो फुटबॉल. अण्णांचा विश्वास बसत नसे. "फुटबॉल खेळतंस मा? मगे बॉल खंय आसा?"

संत्या एकदा मला म्हणाला, "यार, एकदाच बॉल घरी न्यायचाय. अण्णांच्या पुढ्यात ठेवायचाय."

मला फार वाईट वाटलं. म्हटलं, कपाटातून ढापू या. तर म्हणतो, "नियम आहे ना."

*

शेवटची मॅच मुलुंडच्या कॉलेजशी. तीन गोल खाऊन झाले होते. शेवटी संत्या एकटा बॉल घेऊन सुटला आणि त्याने जी किक मारली ती सरळ बाहेर चालली होती. त्यांच्या एका बारक्या डिफेंडरने उगाच पाय घातला आणि बॉल त्यांच्याच गोलमध्ये! आम्ही वर्ल्ड कप जिंकल्यासारखे नाचलो.

मॅच संपल्यावर त्यांचा कॅप्टन सगळ्यांसमोर त्या पोराला नाही नाही ते बोलला. जिंकूनसुद्धा. पोरगा खांबाला टेकून रडत बसला.

सरांनी बॉल संत्याच्या हातात दिला. "संतोष, ने. तुझाच धरू."

संत्याने बॉल पोटाशी धरला आणि तो त्या पोराकडे गेला. "गोल तू मारलास. आमच्यात मारणारा बॉल घरी नेतो. धू, हवा भर आणि रविवारी आणून दे." त्याच्या तळहातावर पेनाने पत्ता लिहिला.

"येडा आहेस का रे?" मी म्हटलं. सीझन तिथेच संपला होता.

*

रविवारी मी संत्याकडेच होतो. दारात तो पोरगा उभा, पिशवीत लख्ख धुतलेला बॉल. दार अण्णांनी उघडलं. त्याने सगळं सांगितलं, स्वतःच्या गोलासकट.

अण्णा म्हणाले, "गोल तुजो. मगे बॉल हयसर कित्याक आणलंस?"

"तुमच्या मुलाने सांगितलं. नियम आहे म्हणाला."

अण्णांनी बॉल हातात घेतला, फिरवून फिरवून बघितला. मग अंगठ्याने दाबला आणि घरात वळून म्हणाले, "हवा कमी आसा. संतोष, सायकलचो पंप आण."