ॲक्टरकाकांनी न केलेली नक्कल

ॲक्टरकाकांना माणसांची नावं लक्षात राहत नसत, चाली राहत. पार्सिपनीतल्या आमच्या अपार्टमेंटच्या टपालपेट्यांपाशी एक बाक आहे. त्यावर बसून ते येणाऱ्या-जाणाऱ्याला न्याहाळत आणि तो आत गेला की उठून हुबेहूब त्याच्यासारखे चालून दाखवत. मराठी मंडळाच्या अध्यक्षांच्या नकलेत पोट आधी पोचायचं, अध्यक्ष मागून. आमची पोरं हसून लोळायची.

काका मूळचे चेक. तिकडच्या सिनेमात आणि टीव्हीवर त्यांनी पन्नास वर्षं काढली होती, तीही बहुतेक पोस्टमन, वेटर, न्यायाधीश अशा दोन-चार वाक्यांच्या भूमिकांत. “सरकारं बदलली, डायरेक्टर बदलले,” ते म्हणत. “मी नीट चालत राहिलो, म्हणून टिकलो.” म्हातारपणी ते इथे अमेरिकेत मुलीकडे राहायला आले होते.

माझे बाबा सहा महिन्यांसाठी नागपूरहून आले आणि त्यांची काकांशी गट्टी जमली. बाबांचं बँकेतलं इंग्रजी, काकांचं मोडकं इंग्रजी. दोघांचं छान भागायचं. पण बाबांची नक्कल काही काका करेनात. “का हो नटसाहेब, मीच काय तुमचं घोडं मारलं?” बाबा रुसून विचारत. काका नुसते हसत. ते हसू मला बरं वाटायचं नाही.

एका संध्याकाळी त्यांनी मला बाजूला घेतलं. “चालताना त्यांचा उजवा हात हलत नाही. कधीपासून?” काकांची शेवटची आणि एकमेव मोठी भूमिका एका सीरियलमधल्या पार्किन्सनच्या रोग्याची होती. त्यासाठी ते तीन महिने इस्पितळात बसून रोग्यांचं चालणं बघत होते. “मी डॉक्टर नाही,” ते म्हणाले, “पण ही चाल मी केलेली आहे. पहिल्या भागात.”

मी भडकलो. “काका, वय झालंय त्यांचं, दॅट्स ऑल!” टीव्हीवर रोगी झालेल्या माणसाकडून निदान ऐकायचं म्हणजे अतीच झालं. मी मागच्या दारानं ये-जा करू लागलो. पण घरात राहून राहून नजर त्या हाताकडेच जायची. पुढे बाबांना शर्टाची बटणं लावायला वेळ लागू लागला. मग एका सकाळी लिफ्टचं दार उघडलं आणि त्यांना पाऊलच उचलता येईना. दार मिटलं. “पाय चिपकले रे बाप्पा,” ते म्हणाले. इतकं घाबरलेलं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

डॉक्टरांनी काकांचंच म्हणणं जरा लांबवून सांगितलं. मी बाकाकडे गेलो, माफी मागितली आणि विचारलं, “काका, त्या सीरियलच्या शेवटच्या भागात काय होतं?”

काकांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा पुसला. “मध्येच बंद केली त्यांनी. शेवट शूटच झाला नाही.”

पन्नास वर्षं अभिनयावर पोट भरलेल्या माणसाला एवढं वाक्य धड म्हणता आलं नाही. त्या खोट्यासाठी ते मला जन्मभर आवडत राहतील. मी विश्वास बसल्यासारखी मान हलवली. मागून बाबांची पावलं घासत येत होती. आम्ही दोघांनीही तिकडे पाहिलं नाही.