निवा म्हणणाऱ्या सिस्टर

उजव्या हाताचा तळवा जमिनीकडे करून त्या हवेतच हळूहळू खाली दाबायच्या आणि म्हणायच्या, "निवा जरा." उतू जाणारं दूध असो, रडणारं पोर असो, नाहीतर तावातावाने आलेला पुढारी असो, सगळ्यांना हे एकच औषध. गंमत म्हणजे माणसं निवायचीही. तुमच्याही ओळखीत असं एखादं माणूस असेल. असेल तर त्याच्याकडे नीट बघून ठेवा, कारण ते असेपर्यंत त्याचं काम दिसत नाही.

त्या जुन्नर तालुक्यातल्या एका उपकेंद्रात नर्स होत्या. माहेर निमगाव सावाकडचं, शेतकऱ्याचं. माझं बाजारपेठेत औषधांचं दुकान. आम्ही मूळचे राजस्थानचे जैन, पण आजोबांच्या काळापासून इथलेच. आमच्या घरात भांडणंसुद्धा मराठीत होतात. वडिलांनी दुकान माझ्या हाती देताना एकच नियम सांगितला होता, की गिऱ्हाईक रिकाम्या हाताने पायरी उतरता कामा नये. मागितलेलं औषध नसेल तर दुसरं द्यायचं, तेही नसेल तर खोकल्याची गोळी द्यायची. हा नियम मी वीस वर्षं मुकाट्याने पाळला.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. सिस्टर दुकानात कापूस घ्यायला आल्या होत्या. तेवढ्यात दोन सख्खे भाऊ एकमेकांना शिव्या देत पायरी चढले. पाटाच्या पाण्याची पाळी कुणाची, यावरून थोरल्याने धाकट्याच्या डोक्यात फावड्याचा दांडा घातला होता. सिस्टरांनी जखम पुसली, कापसाचा बोळा ठेवला आणि थोरल्याला म्हणाल्या, "धर. तूच पाडलंय, तूच दाबून धर. सोडलंस तर भळाभळा वाहंल."

थोरला अर्धा तास भावाचं डोकं धरून माझ्या बाकड्यावर बसला होता. इतका वेळ एखाद्याचं डोकं धरून बसल्यावर त्याला शिव्या देणं अवघड जातं. जाताना दोघं एकाच सायकलवर गेले.

लस टोचल्यावर पोरांना ताप यायचा आणि बायका भांडायला यायच्या, की धडधाकट पोर आजारी पाडलंत. सिस्टर सांगायच्या, "ताप आला म्हंजी आतली फौज जागी झाली. जागी झाली तशी उद्या निजंल पण. न निजणारी फौज लई वाईट, बाई." तेव्हा ते मला बायकांची समजूत घालणं वाटायचं.

पुढे त्यांचीच बोटं सकाळी वळेनाशी झाली. उन्हात फिरलं की दोन्ही गालांवर लाल चट्टे उठायचे. केस गळले. सहा-सात महिने आम्ही सगळ्यांनी त्याला उन्हाचा त्रास म्हटलं. मग पुण्याच्या मोठ्या डॉक्टरांनी निदान केलं, ल्युपस. सिस्टर परत आल्या त्या हसतच.

"भाऊ, डॉक्टर म्हणं, अंगात दोन जातीचे शिपाई असत्यात. एक मारणारे, आन् दुसरे मारणाऱ्याचा हात धरणारे. दुसरे बी रक्तातल्या टी पेशींतलीच एक जात, पर काम निराळं. आपलं-परकं वळखायचं आन् 'बास' म्हणायचं."

"मग तुमचे कुठे गेले?"

"माजे हात धरणारे कमी पडल्यात. फौज घरातच घुसलीया. गावाची भांडणं मिटवत हिंडले, आन् माज्या अंगात कोण मिटवणार?"

ते का कमी पडतात हे मोठमोठ्या शास्त्रज्ञांनाही अजून पुरतं उमगलेलं नाही, असं डॉक्टरांनी त्यांना प्रांजळपणे सांगितलं होतं. तोवर 'बास' म्हणण्याचं काम गोळ्यांनी करायचं. छोट्या पांढऱ्या गोळ्या, स्टेरॉइडच्या. मनाने एक दिवसही बंद करायच्या नाहीत, हे चिठ्ठीवर लाल शाईने लिहिलेलं मी स्वतः वाचलं होतं.

गोळ्यांनी सांधे सुटले, चट्टे गेले, पण चेहरा चंद्रासारखा गोल झाला. संक्रांतीच्या हळदीकुंकवात एका बाईने विचारलंच, "सिस्टर, अंगावर सूज कशाची? घरात कुणाला हाय का असलं?" घरात लग्नाची मुलगी होती. आपल्याकडे आईचा आजार मुलीच्या पत्रिकेत न लिहिता वाचला जातो, हे तुम्हाला मी काय सांगणार.

पारगावचं स्थळ आलं, पसंती झाली, साखरपुडा ठरला. त्या आठवड्यात सिस्टर दुकानात आल्या. "भाऊ, दीड महिना माज्या गोळ्या मागवू नका."

"सिस्टर, चिठ्ठीवर लिहिलंय..."

त्यांनी तळवा खाली दाबला. "निवा, भाऊ. पोरीचं एकदा हू द्या. तोंड जरा उतरू द्या. मग जलमभर खाईन."

आणि मी निवलो. गावाला निववणारा तो हात, त्याच्यापुढे मी कोण? त्या पायरीकडे वळल्या तेव्हा मला टोचलं ते काय, तर सिस्टर रिकाम्या हाताने चालल्या. मी फळीवरून एक टॉनिक काढलं. बाटलीवर मोठ्या अक्षरांत 'रोगप्रतिकारशक्ती वाढवणारे' असं छापलेलं होतं. ज्यांची फौज आधीच आवरत नव्हती त्यांच्या हातात मी ती बाटली दिली. "अशक्तपणा वाटला तर असू द्या," म्हणालो. त्यांनी क्षणभर लेबल वाचलं, माझ्याकडे बघितलं आणि पिशवीत टाकली.

साखरपुड्याला मी गेलो होतो. चेहरा खरंच उतरला होता. पंगतीत त्या स्वतः वाढत होत्या, आणि मुलाची आई म्हणाली, "विहीणबाई कामाला लई चपळ." पुढच्या महिन्यात पाय सुजले. पुण्याला नेलं तेव्हा फौज मूत्रपिंडांपर्यंत पोचली होती आणि त्यांनी हात टेकले होते. मी भेटायला गेलो, मनात माफीचे शब्द जुळवत. सिस्टरांनी चादरीवरचा तळवा जेमतेम बोटभर उचलला आणि खाली ठेवला. मी तेव्हाही निवलो. चार दिवसांनी त्या गेल्या. मुलीचं लग्न ठरल्याप्रमाणे झालं, आईवाचून.

मी मात्र त्या बाटलीपायी मनात जळत होतो. माझ्याच बाटलीने घात केला असं धरून बसलो. बायकोला सांगितलं, झोप उडाली, त्या कंपनीचा माल बंद केला.

लग्नानंतर मुलगी पहिल्यांदा माहेरी आली तेव्हा दुकानात आली. कागदात गुंडाळलेली बाटली तिने काउंटरवर ठेवली. "आईनं सांगितलं व्हतं, भाऊंची बाटली भाऊंना परत दे. तिनं उघडलीच न्हाई. म्हणाली, मला चालायची न्हाई, पर त्यांनी मायेनं दिली तर नको कसं म्हणायचं?"

मी बाटली फिरवून बघितली. सील तसंच होतं. क्षणभर छाती हलकी झाली, खोटं कशाला बोलू. मग कळलं की आता दोष ठेवायला बाटलीही उरली नाही. त्या दिवशी त्यांना बाटली नको होती. कुणीतरी हात धरून बसायला हवं होतं, त्या थोरल्या भावासारखं. समोर मीच होतो, आणि लाल शाईची ती चिठ्ठीही मीच वाचली होती.

ती बाटली अजून मागच्या फळीवर आहे, मुदत कधीच संपली. आता कुणी पांढऱ्या गोळ्या मनाने बंद करायचं म्हणालं, तर मी फळीकडे हात नेत नाही. काउंटरच्या बाहेर येतो, त्याला बाकड्यावर बसवतो आणि डॉक्टरांना फोन लावेपर्यंत उठू देत नाही. लोक चिडतात. चिडू देत.