वेळ बसवायला गेले तेव्हा

वेळ बसवता येते, आणि मला ती चांगली बसवता येते. हे मी दबक्या आवाजात सांगत नाही. एरवी मी सांगलीत विश्रामबागेतल्या एका कॉलेजच्या ऑफिसात दाखले देते. तिथे हे कुणाला माहीत नाही, पण कुणी विचारलंच तर मी लपवणारही नाही.

विद्या आईची. आम्ही कोयनानगरच्या वसाहतीत वाढलो. जमीन हादरली की फळीवरची भांडी पडायची, ती उचलून ठेवता यायची. पण एखाद्या घरातली वेळही जागची हलायची, तिचं काय करायचं? दूध गॅसवर ठेवायच्या आधीच उतू गेलेलं असायचं, एकाच दिवसात दुपार दोनदा यायची. मग त्या घरची बाई आईला बोलवायला यायची आणि आई कणकेचे हात धुऊन निघायची. तिच्यामागून मी.

पद्धत साधी आहे. पितळेचा पेला पाण्याने काठोकाठ भरून उंबऱ्यावर ठेवायचा. वेळ सुटलेल्या घरात ते पाणी थरथरत राहतं. आपण पेल्याला दोन बोटं लावून बसायचं आणि घरातल्या माणसांनी झालं ते ओळीनं सांगायचं. आधी कोण उठलं, चहा कुणी टाकला, कोण काय बोललं, मनात काय आलं. सांगितलेलं जागेवर बसतं. सगळं बसलं की पाणी निवांत होतं. काही लपवलं की पुन्हा थरथरतं. आईकडे कुणी मंत्र मागितला की ती म्हणायची, खोटं बोलू नका, एवढाच मंत्र.

गेल्या वर्षी शिराळ्याजवळच्या एका गावातून एका बाईचा फोन आला. नवरा फौजेत, बारा दिवसांच्या सुट्टीवर घरी आलेला.

"ताई, मालक आल्यात, पर सुट्टी हाताला लागंना," ती म्हणाली. "अंघुळीचं पाणी तापवाय ठेवावं तर दिवेलागण झालेली. जेवाय बसावं तर पयला घास तोंडात आन् ताटं धुऊन पालथी घातल्याली. अकरा म्हयनं वाट बघितली ओ. ऱ्हायलेलं दिस तरी सरळ मिळू द्यात."

मी म्हटलं, अर्ध्या तासाचं काम आहे. रविवारी सकाळच्या एसटीनं गेले.

उसाला लागून स्लॅबचं घर. दारात फौजी उभा, आजूबाजूला कुणी साहेब असल्यासारखा ताठ. आत खिडकीखाली त्याची लोखंडी पेटी. त्याच्या आईनं मला चहा दिला. मी कप उचलला तर तळाला नुसता गाळ. न पिताच माझा चहा संपला होता. आता मात्र मला राग आला. एकवेळ लोकांचा दिवस गेला तर मी समजून घेईन, माझा चहा नाही.

पेला मांडला. सून सांगू लागली, सकाळपासूनचं सगळं, अगदी म्हशीला वैरण कुणी टाकली तेही. पाणी काही थांबेना. तिनं पुन्हा सांगितलं. अर्धा तास झाला की पाऊण, तेही त्या घरात कळत नव्हतं. माझी फुशारकी अंगाशी येणार असं वाटायला लागलं, आणि तेवढ्यात स्वयंपाकघराच्या दाराशी टांगलेलं कॅलेंडर दिसलं. रोज एक पान फाडायचं, तसलं. वर नऊ दिवसांपूर्वीची तारीख, तिला हळदीकुंकू लावलेलं. मुलगा आला तो दिवस.

"हे कोण फाडतं?" मी विचारलं.

"मीच," म्हातारी म्हणाली.

"मग फाडलं का नाही?"

"फाडलं की दिस गेला न्हवं."

फौजींच्या घरीच होणारी चूक ही. माझा आवाज चढला. "मावशी, दिवसाला जायला वाट ठेवली नाहीत तर तो घरातच घोंगावणार. नुसती सुनेची नाही, मुलाचीही सुट्टी घालवलीत तुम्ही."

"आवं बाई," ती शांतपणे म्हणाली, "दर खेपंला ल्योक येतो, आन् येक येक पान फाडून मीच त्याला धाडून देती. ह्या खेपंला हात हुईना."

मी खजील झाले. आवाज खाली आणून म्हटलं, एकेक पान फाडा, आणि त्या दिवशी काय झालं ते तिघांनी सांगा.

पहिलं पान: दारात भाकरतुकडा ओवाळून टाकला. दुसरं: विहिरीवरची मोटर त्यानं खोलली आणि पुन्हा जोडली. तिसरं: दिवसभर झोपला. चौथं: मित्रांनी नेलं, इकडे कालवण गार झालं. प्रत्येक पानाला पाणी थोडं थोडं निवत होतं. पाचवं पान फाडलं. पाणी काठावरून सांडायला आलं.

"मी सांगती," सून म्हणाली. तिची नजर जमिनीवर होती. "त्या दिशी ह्येंनी माझं डबं लावलं. उंचीपरमाणं, वरच्या फळीला. मला मीठ गावंना. मी कायबी बोलली न्हाई. पर मनात आलं, ह्ये कवा जात्यात एकदाचं. इतकी वाट बघून पाचव्या दिशी असं आलं मनात."

फौजी पेटीकडे बघत होता. "मलाबी वाटलं हुतं त्या दिशी," तो म्हणाला. "युनिट बरं. तितं माजी जागा मला ठाव हाय."

माझ्या बोटांखालचा पेला गप्प झाला. इतक्या घरी बसले, पण पाणी असं एका वाक्यात थांबलेलं मी क्वचित पाहिलंय. मला भरून आलं, आणि मी ते लपवलं नाही.

पुढची चार पानं म्हातारीनं भराभर फाडली. आजचं तसंच ठेवलं. त्याच्यामागे सुट्टीची दोनच उरली होती.

मग चहा आला. चांगला कडक, आणि मी तो शेवटच्या घोटापर्यंत गरम प्याले. माझं पिऊन होईतो फौजी उठून स्वयंपाकघरात गेला. वरच्या फळीवरचे डबे खाली काढल्याचा आवाज येत होता. सून दारात जाऊन उभी राहिली.

"कंचा कुटं असतोय, सांग," तो म्हणाला.

"आदी मिठाचा," ती म्हणाली. "शेगडीजवळ. डाव्या हाताला."