लेन्सवरचं कापड

विनोद गेल्याचा फोन देवळीहून आला. फोनवर त्याचा मोठा भाऊ प्रभाकर होता. मृत्यूची बातमी एका वाक्यात संपली, दुसरं वाक्य होतं, "त्यानं दुकानात काय काय काढलं, ते मले पाह्यचं हाय."

विनोद माहितीपट करायचा, मी त्याच्या कामात मदत करायचो. त्याची पद्धत साधी आणि अवघड होती. कॅमेरा लावायचा, चालू करायचा आणि चहाला निघून जायचा. समोरच्याला प्रश्न विचारायला कुणी नसे. शेवटची फिल्म तो स्वतःच्या घरावर करत होता. देवळीतल्या कापडदुकानाच्या काउंटरवर त्यानं कॅमेऱ्याची तिवई मांडली. घरचं चव्हाट्यावर आणतो म्हणून प्रभाकरदादांचा संताप होता. विनोद बाहेर पडला की ते ठाणातलं कापड ओढून लेन्सवर टाकत. विनोद परत येई, कापडाची घडी घाली... आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा कॅमेरा लावी.

तेराव्यानंतर दादा वर्ध्याला, विनोदच्या खोलीवर आले. खोलीची किल्ली आणि त्याचं सगळं चित्रीकरण माझ्याकडे होतं.

"माह्यावरचं सारं पुसून टाका, भाऊ."

"आधी पाहून घ्या."

विनोदनं जोडून ठेवलेला भाग लावला. काउंटर दिसलं, दादांचा हात आला, निळं पॉपलीन खाली पडलं. मग फुलाफुलांचं कापड, मग काळं. दादा हसले. "पाह्यलं? दिसूच नाई देल्लं मी."

पण माइक चालूच होता. काळ्या पडद्यामागून फोनवर बोलणारा त्यांचाच आवाज आला, "डॉक्टरसाहेब, त्याले काई नका सांगू. जे हाय ते मले सांगा... इलाजाले लागलं तं दुकान विकतो मी." नंतर बराच वेळ कापड कापणाऱ्या कात्रीचा आवाज.

दादांचं हसणं थांबलं. हा तुकडा विनोदनं स्वतः निवडला होता. म्हणजे त्यानं ऐकलं होतं. तरी अखेरपर्यंत तो भावाला सांगत राहिला, "बरा होऊन राह्यलो, दादा."

"त्याले मालूम होतं?" त्यांनी विचारलं. मी होकारार्थी मान हलवली.

"पुसू?" मी विचारलं.

ते उठले. दाराशी थांबून म्हणाले, "राहू द्या. आवाज बी राहू द्या."

गेल्या आठवड्यात देवळीला गेलो. तिवई काउंटरवरच आहे, कॅमेरा बंद, लेन्स उघडी. एका गिऱ्हाइकानं विचारलं, "हे कोणाचं हाय, शेठ?"

दादा कापड मोजत होते. मान वर न करता म्हणाले, "लहान भावाचं. चहाले गेला."