चहाआधीचा शब्द

आमच्या घरी सकाळचा चहा सहजासहजी मिळत नसे. एक इंग्रजी शब्द तीनदा नीट म्हणावा लागे. मगच अण्णा कप पुढे सरकवत.

अण्णा म्हणजे माझे थोरले चुलते, कवठे महांकाळकडच्या आमच्या धनगर घरातले पहिले फौजी. फौजेतून लोक ट्रंका भरून काय काय आणतात. यांनी एक जाडजूड डिक्शनरी आणली. रोज कॅलेंडरचं कालचं पान फाडायचं, पाठकोऱ्या बाजूवर कुणीही वापरत नाही असा एक शब्द देवनागरीत फोडून लिहायचा, जोर द्यायच्या अक्षराखाली लाल पेन्सिलीची रेघ ओढायची आणि खाली अर्थ.

"बॉर-बो-रिग्-मस. पोटातली गुडगुड. 'रिग्'वर दाब दे, पोरी."

"गुडगुडलं तर ओवा खावा," काकू म्हणायची, "त्याला नाव कशाला पायजे?"

"ज्याला नाव न्हाई, त्याला कोण इचारतंय?"

मला या प्रकाराचा भारी वैताग यायचा. पण बारावीनंतर विश्रामबागेतल्या कॉलेजात मुलाखतीला गेले, तेव्हा इंग्रजी बोलताना जीभ अडखळली नाही, ती या चहामुळेच. अण्णा शेजारी बसले होते. मुलाखत घेणाऱ्या बाईंनी विचारलं, "घरी काय करतात?"

"बागायत शेती," मी ठोकून दिलं. आजोबांचा उभा जन्म मेंढरांमागे गेला होता. वडील त्या दिवशीही कळप घेऊन कृष्णाकाठी होते.

परत येताना अण्णा एसटीत खिडकीकडे तोंड करून बसले. दुसऱ्या दिवशीच्या पानावर होतं, 'ट्रान्स-ह्यू-मन्स'. अर्थ: ऋतू पालटला की कळप घेऊन चाऱ्यामागं जायची आणि माघारी यायची रीत. मी तीनदा म्हटलं, बिनचूक. कप पुढे आला नाही.

"त्यांच्या बुकात आपल्या बाला जागा हाय गं," अण्णा म्हणाले, "तुज्या तोंडात न्हाई व्हय?"

मी बिनचहाची उठले. लाजेनं मेल्यासारखं झालं होतं, पण चुकले म्हणायला तोंड उघडलं नाही. ते पान मात्र जपून ठेवलं.

गेल्या वर्षी अण्णांना अर्धांगवायू झाला आणि वाचा गेली. जन्मभर शब्द बोलायला शिकवणाऱ्या माणसाचीच वाचा जावी, याचा मला देवावर फार राग आला. ते वारायच्या पंधरा दिवस आधी मी गावी गेले. काकूनं कप त्यांच्याजवळ ठेवला होता. मी ते जुनं पान काढलं. 'ह्यू'वर दाब देऊन तीनदा म्हटलं.

"आवं अण्णा, मी आता पोरांना इंग्रजी शिकवते नव्हं? पहिल्या दिवशी फळ्यावर ह्योच शब्द लिवते. सांगते, ह्यो माजा आजा, ह्यो माजा बा."

 मग धड राहिलेल्या डाव्या हातानं, निम्मा चहा बशीत सांडत, अण्णांनी कप माझ्याकडे सरकवला.