काढण्याआधी विचारणाऱ्या कुंदाताई

गौरव समितीने दोन पाने लिहायला सांगितली तेव्हा मी आधी नाहीच म्हणालो. शिक्षण सातवीचे, आणि ग्रंथात छापले की चूक कायमची राहते. पण कुंदाताई रहांगडाले साठ वर्षांच्या होत आहेत, आणि घरून रोज विचारणा सुरू झाली, "लिवलं का जी?" म्हणून लिहितो.

कुडव्याच्या आमच्या रुग्णालयात मी दारावर बसत असे. रुग्णांच्या नोंदींचे संगणक सांभाळायला ताई तिथे आल्या. पहिल्या दिवशी त्यांनी मला नमस्कार केला आणि लगेच म्हणाल्या, "भाऊ, ती पाण्याची गुंडी उचला जी. खाली वायर आहे. तुम्हाले करंट लागला त दारावर कोणाले बसवू?" मला राग आला. पाण्याचे ते भांडे मात्र उचलले.

नवा रुग्ण आला की ताई नाव-गाव लिहून घेत आणि विचारत, "कोणतं औषध सोसत नाही?" उत्तर मिळाल्याशिवाय पुढे सरकू देत नसत. तिरोड्याकडची एक म्हातारी म्हणाली, "औषध सगळं सोसते बाई, सुनेचं बोलणं सोसत नाही." ताई हसल्या. "ते लिवाले यात जागा नाही जी. मागच्या खेपेले कोणत्या गोळीनं खाज सुटली, ते आठवा." म्हातारीच्या मागे रांग खोळंबली होती. तरी आठवेपर्यंत थांबल्या.

या प्रश्नाची किंमत मला पुढे कळली. माझ्या पत्नीला ताप चढला, श्वास लागला. आमच्याच रुग्णालयात आणली, तेव्हा तिला बोलता येईना. डॉक्टरसाहेबांनी विचारले, "काका, मागे इथेच एका सुईने यांचं अंग सुजलं होतं ना? कोणती सुई?"

"पांढऱ्या भुकटीची. पाणी घालून हलवतात ती."

"तशा बऱ्याच असतात, काका. संगणकात पाहू."

त्याच वेळी वीज जाऊन आली होती. संगणक सुरू झाला, पण नोंदींचा प्रोग्राम उघडेना. सिस्टरने पडद्यावरचे वाचून सांगितले, "लायब्ररी फाईल सापडत नाही म्हणते." सफाईवाल्या बाई म्हणाल्या, "लायब्ररी? बाहेरच्या कपाटात पुस्तकं आहेत, आणू का?" हसायला कोणी मोकळे नव्हते. माझे लक्ष ट्रेमध्ये भरून ठेवलेल्या सुईवर होते.

ताई आल्या, पडदा पाहिला आणि सर्वांसमोर म्हणाल्या, "मीच काढली जी ती फाईल."

झाले असे होते. सकाळी ताईंनी एक्स-रेचा जुना, बंद पडलेला प्रोग्राम संगणकातून काढून टाकला. काढताना संगणकाने विचारले, ही सामायिक फाईल आता कोणी वापरत नाही असे दिसते, काढू का? ताईंनी 'होय' दाबले. पण आमचा नोंदींचा प्रोग्रामही त्याच फाईलवर चालत होता. तो सकाळपासून उघडाच होता, म्हणून वीज जाईपर्यंत कोणाला कळले नाही. "शेत एकाचं गेलं," त्या म्हणाल्या, "अन् मी साऱ्यांच्या तलावाची पाळच फोडली." आमच्याकडे गावतलाव बांधणाऱ्यांची घरे आहेत. याहून मोठी चूक इथे कोणी स्वतःच्या तोंडाने सांगत नाही.

औषधाच्या खिडकीवरच्या संगणकात तोच प्रोग्राम होता, पण रुग्णांच्या नोंदी सगळ्या या एकाच्याच पोटात. ताईंनी तिथून फाईल आणून घातली. प्रोग्राम तरीही उघडेना. नाव तेच, पण फाईल नव्या पिढीची आणि इथला प्रोग्राम जुना.

"ताई, मला फार थांबता येणार नाही," डॉक्टरसाहेब म्हणाले. "सुई द्यावीच लागेल."

"अंदाजानं नका देऊ जी साहेब. पाया पडतो, थोडं थांबा," मी म्हणालो.

ताई सामानाच्या खोलीकडे धावल्या. पलंगापाशी बसून मला त्या दिसत होत्या. एकट्याच गाद्या ओढून बाजूला फेकत होत्या. मागे नोंदींचा जुना संगणक होता, त्यात ती जुनी फाईल असणार होती. तो सुरू होईना. "जुना बैल आहे, उठाले वेळ घेते," त्या मोठ्याने म्हणाल्या, ते मला धीर देण्यासाठी. पत्नीचा हात माझ्या हातात थंड पडत चालला होता.

शेवटी त्या पेन ड्राइव्ह घेऊन आल्या. फाईल बसली, प्रोग्राम उघडला, पत्नीचे नाव आले. खाली लाल अक्षरांत औषधाचे नाव होते. डॉक्टरसाहेबांनी ते वाचले, ट्रेमधली सुई बाजूला ठेवली आणि दुसरी भरली.

संध्याकाळी पत्नीने पाणी मागितले. ताई भिंतीला टेकून रडल्या. मी म्हणालो, "ताई, आता कायले रडता?" तर म्हणाल्या, "संगणक सांगून राहिला कोणी वापरत नाही, अन् मी मानलं. एका टेबलावर जाऊन इचारलं नाही."

त्या दिवसानंतर संगणकातली कोणतीही वस्तू काढण्याआधी ताई प्रत्येक टेबलापाशी जातात. "याच्यावाचून तुमचं काही अडते का?" माझ्या दारापाशीही येत. मी म्हणायचो, "माझ्याजवळ कुठं संगणक?" त्या म्हणत, "तरी सांगा जी."

हे छापू का, असे मी ताईंना विचारले. "छापा. पण चूक माझी होती, ते गाळू नका." गाळले नाही.

आता ताई निवृत्त होत आहेत, प्रकृती थोडी नरम असते, आणि मला भलतेसलते विचार येतात. म्हणून इतकेच मागतो. वर बसलेल्याने कधी यांच्या नावापुढे तो प्रश्न काढलाच, 'यांना आता कोणी वापरत नाही, काढू का?', तर त्याने आधी ताईंसारखे टेबलाटेबलांवरून फिरून यावे. कुडव्यापासून तिरोड्यापर्यंत सगळे 'नाही'वर बोट ठेवतील. पहिले बोट आमच्या घरचे असेल.